किती वर्षांपासून ओळखता

सोमवार, ११ फेब्रुवारी १९७४. पेण

आजही दही लागलं नाही. सलग चौथा दिवस. घटनेनं नागरिकाला सभा भरवण्याचा, संघटना काढण्याचा आणि देशभर मोकळं फिरण्याचा हक्क दिला. घट्ट दह्याचा हक्क तेवढा राहून गेला. मी पाच वर्षं आमदार होतो, तेव्हाच ठराव आणायला हवा होता. सुचलं नाही, कारण मुंबईत दही आयतं समोर यायचं, आणि आयत्या मिळणाऱ्या गोष्टीवर कोणी ठराव आणल्याचं ऐकिवात नाही.

सकाळी पातेल्यावरचं झाकण काढलं, तर आत कालचंच दूध, फक्त जरा रुसलेलं.

यातली खरी नामुष्की अशी की 'बँक म्हणजे विरजण. चमचाभर तुम्ही घाला, हंडाभर गावाचं होईल' हे वाक्य मी गेली पंधरा वर्षं गावोगाव म्हणत आलोय. टाळ्या मिळतात. विरोधकांना माझ्या पातेल्याची बातमी लागली असती, तर बाहत्तर साली मी नुसता पडलो, त्याऐवजी अनामतही गेली असती.

विरजण शेजारच्या गिरजाबाईंचं. त्यांच्या पडवीत पाच-सहा बाया पापड लाटतात. आज पुन्हा वाटी घेऊन गेलो तोवर तिथे कंदील लागला होता.

"मास्तर, दिवं लागलं. आता विरजण देत नाय. लक्ष्मी जाते."

"उद्या सकाळी परत करतो."

"दोन वर्सं उद्याच चाललाय तुमचा. आन् ती वाटी पन माझीच हाय."

वाटी उलटून पाहिली. कडेला 'गि. म. पा.' कोरलेलं आहे. दोन वर्षं मी ती माझी समजून घासत होतो.

गुरुवार, १४ फेब्रुवारी

खाली अंबा-भोगावती सहकारी बँक, वर दोन खोल्यांत तिचा संस्थापक. संस्थापक हे पद कोणत्याही पोटनियमात नाही. अध्यक्षाला घंटी असते, मॅनेजरला टेबल असतं, संस्थापकाला भिंतीवर फोटो असतो आणि खाली एक खुर्ची, जिच्यावर तो बसला की कारकून जरा ताठ बसतात आणि तो उठायची वाट बघतात.

हैबतराव हल्ली अध्यक्ष आहेत. मनानं चांगले, आवाजानं त्याहून चांगले. म्हणाले, "साहेब, रोह्याच्या शाखेचं उद्घाटन आता उरकू या." शाखा डिसेंबरपासून सुरू आहे. दीडशे खाती झाली. उद्घाटन राहिलंय, कारण मंत्र्यांची तारीख मिळत नाही. आपल्याकडे आधी मूल शाळेत जातं, मग बारसं होतं.

पाडव्याचा दिवस ठरला. मंत्री आले तर ठीक, नाहीतर मी.

हैबतराव जाताना म्हणाले, "आणि तुमचं घरच रोह्यात. म्हणजे घरचंच कार्य."

मी मान डोलावली. माझं घर रोह्यात आहे हे खरं आहे. तिथे वत्सला राहते. मी पेणला राहतो. आमचं भांडण झालेलं नाही, हे मी कोणीही न विचारता सगळ्यांना सांगतो.

मंगळवार, १९ फेब्रुवारी

रोह्याला जाऊन आलो. निमित्त असं की संस्थापकाचं प्रत्येक शाखेत खातं असावं. हा विचार गेल्या आठवड्यापर्यंत मला कधी शिवला नव्हता.

शाखेचा मॅनेजर जगन कडू. माझा विद्यार्थी, व्याकरणात कच्चा, नियमांत पक्का. अर्ज समोर सरकवून म्हणाला, "सर, ओळख देणारा लागेल. याच शाखेतला खातेदार. तुमचाच नियम आहे, एकोणसाठ सालचा."

"माझी ओळख?"

"नियमात अपवाद नाही, सर. तुम्हीच ठेवला नव्हता."

खरंच ठेवला नव्हता. तेव्हा वाटलं होतं, ओळखीच्याला मागच्या दारानं घेणारी बँक आपल्याला नको. अर्जाच्या तळाशी चार ओळी: ओळख देणाऱ्याचं नाव, खाते क्रमांक, अर्जदारास किती वर्षांपासून ओळखता, सही.

"कोणीही चालेल," मी म्हटलं.

"खातं क्रमांक एक तुमच्या घरीच आहे," जगन म्हणाला, आणि शाईचा टिपकागद उगाच सरळ केला.

अर्ज खिशात घालून घरी गेलो. घर म्हणजे नदीकडच्या आळीतलं, सत्तेचाळीस साली लग्न झाल्यावर आम्ही घेतलेलं भाड्याचं. तेव्हा दोघेही शाळेत. मी मराठी शिकवायचो, ती गणित. ती अजून शिकवते. आमची मुलगी वृंदा लग्न होऊन बडोद्याला गेल्यापासून घरात ती एकटीच.

वत्सलानं चहा दिला, गुलाबाच्या फुलांच्या कपात, बशीसकट. तो संच वृंदाच्या लग्नात आलेला, पाहुण्यांसाठी. माझा पितळी पेला मागच्या फळीवर उपडा दिसत होता.

"बस वेळेवर होती?"

"भिसे खिंडीत अर्धा तास थांबली. रेडिएटर तापला."

"पाणी मिळालं का त्याला?"

"मिळालं."

"बरं झालं."

सत्तावीस वर्षांच्या संसारात इतक्या आपुलकीनं आम्ही कोणाची विचारपूस केली असेल, तर ती एस.टी.च्या रेडिएटरची. तिच्या केसांत उजवीकडे पांढरी रेघ आलीय. जुनी असणार. मी आज पाहिली.

अर्ज खिशातून काढलाच नाही. परत जाऊन जगनला दिला आणि म्हटलं, तूच शाळेत जाऊन सही घे.

शनिवार, २३ फेब्रुवारी

बँकेच्या टपालाच्या थैलीतून अर्ज परत आला. ओळख देणार, वत्सला दामोदर फणसे. खातं क्रमांक एक. सही झोकदार. किती वर्षांपासून ओळखता, या प्रश्नासमोर: '१९४७ ते १९६७'.

सोबत जगनची चिठ्ठी: 'आदरणीय सर, ओळख चालू असणे आवश्यक आहे असे नियम नऊ म्हणतो. बाईंना विचारले. त्या म्हणाल्या, लिहिलंय ते बरोबर आहे. काय करावे?'

बेरीज चुकली म्हणावं, तर बाई जिल्ह्यात गणितासाठी नावाजलेली. शाई संपली म्हणावं, तर खालची सही ठसठशीत.

मग उलगडलं. सदुसष्ट साली मी निवडून आलो. वत्सलाला राजकारण आवडत नाही. बायकांना ते आवडत नाहीच. सरळ आहे.

मात्र माझं राजकारण संपूनही दोन वर्षं झाली. बाहत्तरच्या निकालानंतर मी सामान घेऊन मुंबईहून निघालो आणि पेणला उतरलो. रोह्याचं तिकीट काढलं होतं. बस पेणला दहा मिनिटं थांबते. चहाला उतरलो आणि वाटलं, आधी दोन दिवस बँकेत काय चाललंय बघावं. ती 'या' म्हणाली नाही, मी 'येऊ का' विचारलं नाही. दोन्ही बाजूंनी कामकाज तहकूब.

रविवार, २४ फेब्रुवारी

दही नाही. अर्ज पुन्हा तीनदा वाचला. त्यातही काही लागत नाही.

सोमवार, ४ मार्च. नागोठणे स्टँड

आज डायरी पिशवीत आहे म्हणून इथेच लिहितोय. रोह्याला निघालो होतो, उद्घाटनाचा मांडव ठरवायला. कासूच्या फाट्याला एक बाई चढली, डोईवर वालाच्या शेंगांची पाटी. माझ्या शेजारी बसली, मला निरखून म्हणाली, "फनसं मास्तर ना? मी बायजा. खातं हाय माझा तुमच्या ब्यांकंत." पदराच्या गाठीतून पासबुक काढून दाखवलं. पडलेल्या आमदाराला कोणी ओळखलं की तो विरघळतो. मी विरघळलो. पीकपाणी विचारलं, वालाचा भाव विचारला.

"आन् तुमची ती पावतीवाली बरी हाय ना?"

"कोण?"

"तुमची बायको. तुमीच नाय का सांगितलेलं, आमच्या मारतीच्या देवलात, शिडी निशानी होती तवा? नवऱ्याला पाटल्यांचं पैसं दिलं आन् म्हनाली, पावती फाडा, नायतर जेवान नाय. लोका हसून हसून आडवी झाली. माझा म्हातारा आजून सांगतो. आमच्यात कुना सुनेनं पैशाचं काय इचारला, का म्हनतात, पावतीवाली झाली गो ही."

मी हसलो. आपलाच विनोद सात वर्षांनी गावात जिवंत सापडला की कोण हसणार नाही?

"माझ्या भावाची पोर रोह्याला शालेत हाय," बायजा पुढे म्हणाली. "ती सांगते, पोरी बाईंना पावतीबाई म्हनतात. समोर नाय, मागनं. पन बाईंना ठावं हाय. एकदा फळ्यावर लिवलेलं व्हतं. बाईंनी पुसला, आन् पुढचा गनित घातला."

हसू तोंडावर राहून गेलं. काढून कुठे ठेवावं ते कळेना.

नागोठण्याला उतरलो. बायजा म्हणाली, "रोह्याला जायचा ना तुमाला?" म्हटलं, इथे काम आहे. काम काही नाही. बाकावर बसलोय. रोह्याच्या दोन गाड्या गेल्या.

मंगळवार, ५ मार्च. पेण

आता खरं काय झालं ते लिहून ठेवतो. निदान इथे तरी हशा पिकवायचा नाही.

अठ्ठावन्न सालचा ऑक्टोबर. बँकेची नोंदणी झाली होती, पण भागभांडवल पुरं पडत नव्हतं. मुदत चार दिवसांची. वत्सलानं मला न विचारता पाटल्या मोडल्या आणि पैसे आणून माझ्या टेबलावर ठेवले. मी ते खिशात घालायला लागलो. ती म्हणाली, "पावती?"

मी म्हटलं, "वेडी आहेस का, पावतीपुस्तकं अजून छापायचीयत."

ती म्हणाली, "मग ही बँक नाही, तुमचा खिसा आहे."

तिनं शाळेच्या वहीतून दोन पानं काढली. पट्टी घेऊन रेघा आखल्या. नाव, गाव, रक्कम आकड्यांत, रक्कम अक्षरी, घेणाऱ्याची सही. मग थांबली, आणि खाली उजव्या कोपऱ्यात कुंकवाच्या करंड्याचं झाकण ठेवून एक गोल काढला. चांगला मोठा. "हा अंगठ्यासाठी," म्हणाली. "चौकट काढू नका. अंगठा उठवणाऱ्याला आधीच लाज वाटते, त्यात तो रेघेबाहेर गेला की आणखी. ऐसपैस जागा ठेवा." दोन प्रती केल्या. एक तिच्याकडे, एक बँकेची.

तिसऱ्या दिवशी मी ते पान छापखान्यात दिलं. बँकेची पावती आजही तशीच आहे. हिशोब तपासायला येणारे दरवर्षी विचारतात, एवढा मोठा गोल कशाला, कागद वाया जातो. मी दरवर्षी उत्तर देतो आणि ते उत्तर माझं म्हणून देतो. काल बायजाच्या पासबुकात दुमडलेली पावती पाहिली. गोलाच्या बरोबर मध्ये तिचा निळा अंगठा होता.

सदुसष्टच्या पहिल्या सभेत लोक जांभया द्यायला लागले, तेव्हा मी ही गोष्ट काढली. पावती मागितली एवढंच सांगितलं. हशा आला. दुसऱ्या सभेत जेवण घातलं. पाचव्या सभेत लाटणं आलं. रोह्याच्या बाजारातल्या सभेपर्यंत ती गोष्ट माझ्यापेक्षा लोकप्रिय झाली होती. तिथे वत्सला मागे उभी होती, शाळेतल्या दोघी जणींबरोबर. हशा चालू असताना ती वळून गेली. मला वाटलं, वह्या तपासायच्या राहिल्या असतील.

सात वर्षं मला तसंच वाटत होतं.

शुक्रवार, ८ मार्च

शिमगा. गल्लीत बोंबा चालल्यात. एक दिवस ओरडून मन मोकळं करायचं आणि दुसऱ्या दिवशी राख कपाळाला लावून गप्प व्हायचं, अशी आपल्या लोकांची शहाणी पद्धत. माझा शिमगा एक अख्खी निवडणूक चालला आणि राख दुसऱ्याच्या कपाळी लागली.

तिला पत्र लिहायला बसलो. पहिल्यात दोन चांगल्या कोट्या झाल्या, फाडलं. दुसऱ्यात एकच, तेही फाडलं. तिसऱ्यात एकही नव्हती, पण ते वाचताना माझ्यासारखं वाटेना. ठेवलंय, पाठवलं नाही.

तिचा आवाज वर्गातून बाहेर यायचा तेव्हा मी शेजारच्या वर्गात निबंध घालायचो, म्हणजे पोरं गप्प बसतील आणि मला ऐकू येईल. तिला हे मी कधी सांगितलं नाही. सांगण्यासारखं जे होतं ते घरात राहिलं, आणि चारचौघांत सांगितलं ते भलतंच.

बुधवार, १३ मार्च

गिरजाबाई स्वतः विरजण घेऊन वर आल्या. माझं पातेलं पाहिलं, दुधात बोट घातलं.

"गरम किती घेता?"

"अंदाजानं."

"आन् मग?"

"मग बघत राहतो लागलं का ते. तासा-दोन तासानं."

"झाकन उघडून?"

"उघडल्याशिवाय कसं दिसणार?"

"हलवता पन?"

"जरासं."

त्या माझ्याकडे अशा बघत राहिल्या जणू मी रिझर्व्ह बँकेचा खोटा शिक्का मारलाय. "मास्तर, दुधाला निजू द्यायचा असता. तुमी रातभर त्याला सभेला उभं करता."

मंगळवार, १९ मार्च

बँकेच्या माळ्यावरची जुनी पेटी उघडली. वाळवीनं पहिल्या वर्षाच्या सभावृत्तांतातली माझी भाषणं खाल्लीयत. तिची आवड चांगली आहे. तळाशी, दोन पुठ्ठ्यांमध्ये, वहीचं ते पान. निळ्या शाईच्या रेघा, खाली माझी सही, कोपऱ्यात रिकामा गोल. वत्सलाला अंगठ्याची गरज नव्हती. गोल तिनं दुसऱ्यांसाठी काढला होता.

पान पाकिटात घालून ठेवलं.

बुधवार, २० मार्च

हैबतरावांनी कार्यक्रमपत्रिका दाखवली. मंत्र्यांना सवड नाही. क्रमांक पाच: 'संस्थापक मा. दामोदरपंत फणसे यांचे खुमासदार भाषण'.

"खुमासदार काढा," मी म्हटलं.

"अहो, छापून झालं. आणि तो पावतीचा किस्सा हवाच हं. मी लोकांना सांगून ठेवलंय. वहिनीही समोर असतील, आणखी रंगेल."

"तो नको."

"साहेब, तुमच्या भाषणात तो नसला म्हणजे वरणात मीठ नसल्यासारखं." आणि खांद्यावर थाप मारून गेले. त्यांचा काय दोष? मीठ मीच लावून दिलेलं.

रविवार, २४ मार्च. गुढी पाडवा. रोहा

शाखेच्या दारात गुढी, मांडवात दोनशे माणसं, पुढे शाळेच्या मुली स्वागतगीताला. शिक्षिकांच्या रांगेत वत्सला, हिरव्या काठाच्या पांढऱ्या साडीत. कडेला बायजा दिसली. भावाकडे सणाला आली असावी.

हैबतराव उठले. "आता आपल्या सर्वांचे लाडके फणसे साहेब. आणि साहेब, पावतीशिवाय खाली बसू देणार नाही." लोक हसायला लागले, मी उभा राहायच्या आधीच. पुढच्या रांगेतल्या दोन मुलींनी एकमेकींना कोपर मारलं आणि मागे वळून बाईंकडे पाहिलं. वत्सला समोर बघत होती. फळ्याकडे बघावं तसं.

मी ध्वनिक्षेपकासमोर उभा राहिलो. मग पाकिटातून ते पान काढलं आणि जसं झालं तसं सांगितलं. पावतीपुस्तक नव्हतं हे माझं चुकलं होतं. पैसे खिशात घालत होतो तेही चुकलं होतं. पावती हिनं मागितली म्हणून बँक झाली, नाहीतर माझा खिसा झाला असता. तुमच्या सगळ्यांच्या घरात जी पावती आहे ती हिनं आखलेली आहे. अंगठ्याचा गोल हिनं काढला, कुंकवाच्या करंड्याच्या झाकणानं. मी तो माझा म्हणून सांगत आलो. आणि सदुसष्ट साली तुम्ही ज्या गोष्टीला हसलात ती मी खोटी रचली होती. जेवण बंद केलं नव्हतं. लाटणं नव्हतं. त्या दिवशी घरात पैसे नव्हते, तरी हिनं मला जेवायला वाढलं होतं.

कोणी हसलं नाही. लोकांना वाटलं, अजून पुढे काहीतरी येणार. ते थांबले. मी बसलो. हैबतराव खोकले आणि म्हणाले, "तर अशा प्रकारे." मग पेढे वाटले.

इतकं वाईट भाषण मी कधी केलं नव्हतं. वत्सला मुलींना रांगेत लावून शाळेकडे घेऊन गेली. माझ्याकडे पाहिलं नाही, किंवा पाहिलं असेल तेव्हा मी पाकीट बंद करत होतो. जाताना बायजा तेवढी मला म्हणाली, "मास्तर, ह्या आधी सांगायचा व्हता."

मुक्काम जगनकडे. त्याच्या बायकोनं श्रीखंड वाढलं. कोणाच्या तरी घरचं दही लागतं.

सोमवार, २५ मार्च. रोहा

दहा वाजता बँकेत गेलो, पेणची बस पकडायच्या आधी. जगननं माझा अर्ज काढून समोर ठेवला. "बाई सकाळी येऊन गेल्या. शाळेत जाता जाता."

'१९४७ ते १९६७' खोडलेलं नव्हतं. त्याच्यापुढे, त्याच बारीक सरळ अक्षरात: 'व २४ मार्च १९७४ पासून'. शेजारी, दुरुस्तीला लागते तशी, छोटी सही.

"चालेल का, सर?"

"नियम काय म्हणतो?"

"ओळख चालू हवी म्हणतो. मध्ये खंड पडल्याबद्दल काही लिहिलेलं नाही."

"मग चालेल."

मधली सात वर्षं तिनं भरून दिली नाहीत. बरोबर आहे. त्या माणसाला तिनं का ओळखावं? मीही हल्ली त्याला फारसा ओळखत नाही.

पेणची बस सोडली. शाळा सुटेपर्यंत नदीवर बसलो, मग घरी गेलो. वत्सलानं कुलूप काढलं, पिशवी ठेवली, चूल नाही, आता स्टोव्ह आहे, तो पेटवला. चहा पितळी पेल्यात आला. धरताना चटका बसला. मी पेला खाली ठेवला नाही.

"भाषण चांगलं नव्हतं," ती म्हणाली.

"नव्हतं."

"कोणी हसलं नाही."

"नाही."

"आणि गोल करंड्याच्या झाकणानं नव्हता काढला. तुमच्या दौतीच्या झाकणानं काढला होता. शाईचा डाग पडला होता पानावर, बघा."

पान काढून पाहिलं. गोलाच्या कडेला फिकट निळा डाग आहे. पंधरा वर्षं मी करंडा धरून चाललो होतो.

मग मला, का कोण जाणे, दह्याचं सांगावंसं वाटलं. सगळं सांगितलं, पातेलं, झाकण, दिवेलागण, गिरजाबाईंनी मला सभेवरून काढलेला चिमटा. त्यावर ती हसली. ओठ मिटून, नाकातून, जसं वर्गात कोणी चुकीचं पण मजेशीर उत्तर दिलं की हसते. ते हसू मी शेवटचं कधी पाहिलं ते आठवत नाही, आणि तारखा तर मी लिहून ठेवतो.

तिनं डब्यातून चमचाभर दही छोट्या स्टीलच्या डबीत काढलं, वर ओला फडका बांधला. "दूध कोमट. करंगळी सोसेल इतपत. आणि उघडून बघायचं नाही."

"बरं."

"त्या बाईंकडून किती दिवस विरजण आणताय?"

"दोन वर्षं."

"परत किती वेळा केलंत?"

मी पेल्यात पाहिलं. चहा संपला होता.

"परत करा," वत्सला म्हणाली. "मग या."

बुधवार, २७ मार्च. पेण

काल संध्याकाळी दूध कोमट केलं, करंगळी घालून पाहिली, डबीतलं विरजण घातलं, झाकण ठेवलं आणि पातेल्याकडे पाठ करून बसलो. एकदा उठलो. पुन्हा बसलो.

सकाळी झाकण काढलं. चमचा घातला तो उभा राहिला.

दुपारी मॅनेजरला सांगितलं, खालची खुर्ची कोणालातरी वापरायला द्या. वरच्या खोल्यांत आता वह्या ठेवा. पिशवी भरायला वीस मिनिटं लागली. दोन वर्षांत मी इथे फारसं काही आणलंच नव्हतं. रोह्याची बस साडेपाचला आहे.

चार वाजता, दिवे लागायला अजून पुष्कळ अवकाश असताना, गिरजाबाईंची वाटी चिंचेनं घासली, काठोकाठ भरली आणि पडवीत घेऊन गेलो. त्या लाटत होत्या.

"थितं ठेवा, मास्तर. हात पिठाचं हायेत." मग राहवलं नाही, करंगळीच्या टोकानं चाखलं. "ह्या कुनाचा विरजण?"

"रोह्याचं. घरचं."

त्यांनी माझ्या खांद्यावरची पिशवी पाहिली आणि पुढचा पापड लाटायला घेतला. मी वाटी फळीवर ठेवली, कोरलेलं नाव बाहेरच्या बाजूला करून.